घर सासूच्या नावावर, अर्ज सुनेविरुद्ध: विडी घरकुलातलं एक प्रकरण

हे प्रकरण सोलापुरातल्या एका विडी कामगार कुटुंबाचं आहे. नावं बदलली आहेत आणि ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत. सुनेला इथे पद्मा म्हणू, सासूला नरसव्वा. बायकांना कायदेशीर मदत करणाऱ्या आमच्या छोट्या गटाकडे ते आलं आणि अजून पूर्ण संपलेलं नाही.

कौटुंबिक हिंसेचा विषय निघाला की कुणीतरी ‘बाईच बाईची वैरी’ म्हणतं आणि बोलणं तिथेच थांबतं. इथेही दोन बायका एकमेकींविरुद्ध कागदावर आल्या. पण त्यांना तसं उभं कुणी केलं, कायद्यातल्या कोणत्या फटीतून केलं आणि त्यातून वाट कशी निघाली, ते सविस्तर मांडण्यासारखं वाटलं.

पार्श्वभूमी

सोलापूरच्या पूर्वभागात पिढ्यान्‌पिढ्या एक विभागणी चालत आली आहे. पुरुष यंत्रमागावर, बायका विडीवर. बहुतेक घरांत बोलणं तेलुगूत चालतं, बाहेर मराठी. कारखान्याच्या शाखेतून पान, तंबाखू आणि दोरा आणायचा, घरी विड्या वळायच्या, परत नेऊन द्यायच्या. मजुरी हजार विड्यांमागे मिळते. पान कमी पडलं तर पदरचे पैसे घालून आणायचं आणि छाटात (म्हणजे नापास म्हणून बाजूला काढलेल्यांत) गेलेल्या विड्यांची मजुरी नाही.

नरसव्वाचं वय त्रेसष्ट. लहानपणापासून विडी वळते. सोलापूरजवळ कुंभारीला महिला विडी कामगारांच्या सहकारी संस्थेची १०,००० घरं उभी राहिली, २००६ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते त्यांचं हस्तांतर झालं. विडी घरकुल म्हणतात त्या या वसाहतीतलं एक घर तिचं. नवरा आधीच वारलेला. हप्ते तिने स्वतःच्या मजुरीतून फेडले. बाईच्या नावावर घर असणं ही इथल्या चळवळीची मोठी कमाई आहे आणि पुढे जे घडलं त्याने ती कमी होत नाही, हे आधीच सांगायला हवं.

पद्मा लग्न होऊन याच घरात आली. तिचंही विडीचं कार्ड आहे, भविष्य निर्वाह निधीचा नंबर आहे. दोन मुलं: थोरली मुलगी बारा वर्षांची, धाकटा मुलगा पाच वर्षांचा. नवरा टॉवेलच्या कारखान्यात मागावर होता. पाळ्या कमी झाल्या, दारू वाढली. मजुरी बँकेत जमा व्हायला लागल्यापासून पद्माचं एटीएम कार्ड त्याच्याच खिशात असायचं. मारहाण नवीन नव्हती, पण त्या वर्षी एका रात्री त्याने तिला धाकट्या मुलासह घराबाहेर काढलं. थोरली आत आजीजवळ राहिली. पद्मा शहरात आईच्या भाड्याच्या खोलीत आली.

प्रकरण कुठे अडलं

पहिला थांबा पोलीस ठाणं. तिथे एनसी नोंदवली गेली, म्हणजे अदखलपात्र गुन्हा, ज्यात पोलीस न्यायालयाच्या आदेशाशिवाय तपास करत नाहीत. नवऱ्याकडून होणारा छळ हा दखलपात्र गुन्हा आहे. १९८३ पासून तो भारतीय दंड संहितेच्या कलम ४९८अ मध्ये होता, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ मध्ये आहे. पण नवरा-बायकोचं भांडण म्हटलं की आधी प्राथमिक चौकशी, मग समज, मग समेट, असाच क्रम लागतो. ललिता कुमारी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद नोंदवणं बंधनकारक केलं, मात्र वैवाहिक वादांत आधी प्राथमिक चौकशीची मुभा ठेवली. बाईला सगळ्यात जास्त गरज असते त्याच जागी ही मुभा येऊन बसली आहे.

त्या एनसीत पद्माच्या व्यवसायापुढे ‘घरकाम’ असं लिहिलं होतं. रोज हजाराच्या आसपास विड्या वळणारी, निधीची वर्गणी कापली जाणारी बाई कागदावर बिनकामाची झाली. घरी बसून विडी वळणारी बाईही त्या कारखान्याची कामगारच, तिलाही भविष्य निर्वाह निधी लागू, हे सर्वोच्च न्यायालयाने पी. एम. पटेल अँड सन्सच्या खटल्यात १९८५ मध्येच ठरवून टाकलं आहे. ठाण्याच्या टेबलापर्यंत ते पोचलेलं नाही. हा एक शब्द पुढे आम्हाला फार उपयोगी पडला, तो कसा ते खाली येईल.

दुसरा थांबा समाजातली वडीलधारी मंडळी. बैठक झाली, नवऱ्याने स्टॅम्प पेपरवर लिहून दिलं, पद्मा नांदायला परत गेली. ते काही आठवडेच टिकलं. दुसऱ्यांदा बाहेर पडली तेव्हा कानाला मार होता. त्या वेळी ती सरकारी दवाखान्यात गेली आणि ‘नवऱ्याने मारलं’ असं केसपेपरवर लिहून घेतलं. शेजारच्या बाईने तिला तसं बजावलं होतं. त्या बाईने पद्माचं अर्धं काम केलं, असं मी म्हणेन.

आमच्याकडे आली तेव्हा तिचं म्हणणं दोन वाक्यांत होतं. “मॅडम, मला केस नको ओ. घर पाहिजे मला, अन् पोरगी.”

त्याच सुमारास तिच्या आईच्या पत्त्यावर प्रांत कार्यालयातून नोटीस आली. आईवडील व ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाह आणि कल्याणाच्या २००७ च्या कायद्याखाली नरसव्वाने न्यायाधिकरणाकडे अर्ज केला होता. सून त्रास देते, घर माझं आहे, तिला घरात येऊ देऊ नये, अशी मागणी. खाली अंगठा. अर्ज टाईप केलेला, भाषा पक्की कचेरीची. नरसव्वाला सही करता येते, हे पद्माने सांगितलं तेव्हा आमचं लक्ष त्या अंगठ्याकडे गेलं.

समोरचे पर्याय

कलम ८५ खाली गुन्हा नोंदवायचा का, यावर सगळ्यात जास्त वेळ गेला. मारहाणीचा कागद होता, त्यामुळे गुन्हा उभा राहिला असता. पण तीन गोष्टी आडव्या येत होत्या. एक, २०१४ च्या अर्नेश कुमार निकालानंतर सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत सरसकट अटक होत नाही. नोटीस मिळते आणि माणूस संध्याकाळी घरी असतो. घरी म्हणजे जिथे मुलगी होती तिथेच. दोन, अशा फिर्यादीत सासूचं नाव जवळजवळ सवयीने घातलं जातं आणि पद्माला ते नको होतं. तीन, शिक्षा झालीच तरी फौजदारी खटला तिला छप्पर देत नाही. त्या खटल्यात ती साक्षीदार. मागणी सरकारची, तिची नाही.

इथे थोडं मागे जायला हवं. पोलीस ठाण्यातल्या बलात्काराच्या मथुरा प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा १९७८ चा निकाल आणि त्यावर देशभर पेटलेलं आंदोलन, हुंडाबळींच्या विरोधातले मोर्चे, या सगळ्या रेट्यातून १९८३ मध्ये फौजदारी कायदे बदलले. ते रस्त्यावरच्या बायकांनी मिळवलेले आहेत. पण चळवळीला पुढच्या काळात दिसत गेलं की मार खाणाऱ्या बाईचा पहिला प्रश्न बहुतेक वेळा ‘आज रात्री झोपू कुठे’ हाच असतो, नवऱ्याच्या तुरुंगवासाचा विचार नंतरचा. घर, पैसा, मुलं आणि संरक्षण एकाच अर्जात मागता येणारा कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा यायला २००५ उजाडलं आणि अंमल सुरू झाला २६ ऑक्टोबर २००६ ला. त्याच्या मसुद्यामागे लॉयर्स कलेक्टिव्ह ही वकिलांची संस्था आणि अनेक स्त्री संघटनांची वर्षांची मेहनत आहे. तरीही आजसुद्धा ठाण्यात बाईला विचारतात ते एवढंच: केस करायची का मिटवायचं?

फक्त पोटगी मागण्याचा मार्ग पद्माच्या उपयोगाचा नव्हता, तिची गरज घराची होती. घटस्फोट तिला नको होता. पुन्हा बैठक घ्यायची, तर एक स्टॅम्प पेपर आधीच वाया गेला होता. राहिला २००५ चा कायदा, कलम १२ चा अर्ज. फौजदारी तक्रारीचा हक्क राखून ठेवून तोच करायचं ठरलं. अर्ज कुठे, हा प्रश्न लगेच सुटला. कलम २७ नुसार बाई तात्पुरती राहते तिथल्या न्यायालयातही तो चालतो.

खरा निर्णय: नरसव्वाचं काय

आमच्यात दोन मतं होती. घर सासूच्या नावावर असेल तर सुनेला तिथे हक्क नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ च्या बत्रा निकालानंतर अनेक वर्षं सांगितलं जायचं. सतीशचंद्र आहुजा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये तो निकाल बाजूला केला. घर सासू-सासऱ्यांच्या मालकीचं असलं तरी सून तिथे संसार करून राहिली असेल तर ते ‘सामाईक घर’ ठरू शकतं. म्हणजे हक्क होता. पण मालकिणीला ऐकून न घेता मिळवलेला आदेश टिकाऊ नसतो. म्हणून आमच्या वकिलांचं मत, नरसव्वाला गैरअर्जदार, म्हणजे समोरची पक्षकार, करावंच. २०१६ च्या हिरल हरसोरा निकालापासून बाईलाही गैरअर्जदार करता येतं.

दुसरं मत माझं आणि गटातल्या एका जुन्या कार्यकर्तीचं. नरसव्वाने सुनेला मारलेलं नाही. ती गप्प राहिली, हे खरं. पण साठी उलटलेली, मुलाच्या हातात औषधपाण्याचा पैसा असलेली बाई गप्प राहते तेव्हा तिच्या गप्प राहण्याला गुन्हा म्हणायचं का? आणि २००७ च्या कायद्याचा अर्ज तिच्या नावाने आला असला तरी त्यातला फायदा नेमका कुणाचा?

शेवटी असं ठरलं: तिला पक्षकार करायचं, पण तिच्याविरुद्ध संरक्षण किंवा भरपाई काहीही मागायचं नाही. घराविषयीचा आदेश तिला ऐकून व्हावा एवढ्यासाठीच तिला बोलावलं आहे, असं अर्जात स्पष्ट लिहायचं. आणि न्यायालयाची नोटीस पोचण्याआधी तिला प्रत्यक्ष भेटायचं, कारण ‘गैरअर्जदार क्रमांक २’ असे शब्द पोलिसाच्या हातून आले तर पुढचं दार बंद झालं असतं.

काय केलं

नवरा कामावर असताना कार्यकर्ती आणि मी घरकुलात गेलो. पद्माला नेलं नाही. नरसव्वा दारातल्या उजेडात बसली होती, मांडीवर सूप, भिजवलेली पानं ओल्या फडक्यात. पानावर मापाचा पत्रा ठेवायचा, कात्रीने कापायचं, तंबाखूची चिमूट पसरायची, वळायचं, दोरा गुंडाळून तोंड दुमडायचं. आम्ही बोलत होतो तेवढा वेळ तिचा हात थांबला नाही. नात कोपऱ्यात पंचवीस-पंचवीसचे कट्टे बांधत होती.

अर्जाविषयी विचारलं तर ती म्हणाली, “रेशनचा कागद म्हणाला. अंगठा दे म्हणाला. सही येते की मला, पण घाई आहे म्हणाला.”

कार्यकर्तीने तिला अर्ज तेलुगूत समजावून सांगितला. सुनेला घराबाहेर ठेवण्याची मागणी तिच्या नावाने झाली आहे, हे कळल्यावर ती बराच वेळ काही बोलली नाही. मग विचारलं, “घर माझंय ना? मग त्याला का नाही जा म्हणता येत?”

येत होतं. ज्या कायद्याखाली तिच्या नावाने सुनेला काढायला निघाले होते, त्याच कायद्याखाली ती मुलाकडून निर्वाह मागू शकत होती आणि मुलगा त्रास देत असेल तर तसं सांगू शकत होती. तिला हे कुणी सांगितलं नव्हतं. ज्येष्ठांचा कायदा म्हातारपणाच्या आधारासाठी आला. पण घरातल्या भांडणात सुनेला बाहेर काढायचं हत्यार म्हणूनही तो वापरला जातो, इतका की २०२० मध्ये एस. वनिता प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला सांगावं लागलं: ज्येष्ठ नागरिकांच्या कायद्याचा आधार घेऊन बाईचा कौटुंबिक हिंसाचार कायद्यातला निवासाचा हक्क निष्प्रभ करता येणार नाही.

मात्र तिथे बसून तिला सल्ला देणं आम्ही थांबवलं. आम्ही पद्माच्या बाजूचे होतो. आज दोघींचं हित जुळतंय म्हणून उद्या जुळेलच असं नाही. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार कोणत्याही बाईला, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. नरसव्वाला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा रस्ता दाखवला आणि तिला वेगळी वकील मिळाली. पुढे जे काही तिने केलं ते त्या वकिलांशी बोलून, स्वतःच्या सहीने.

पद्माचा अर्ज तयार करताना संरक्षण अधिकाऱ्याच्या (कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली नेमलेल्या अधिकाऱ्याच्या) घटना अहवालासाठी थांबायचं का, हा छोटा प्रश्न आला. थांबलो नाही. तो अहवाल नसला तरी न्यायालय आदेश देऊ शकतं, हे २०२२ च्या प्रभा त्यागी निकालाने स्पष्ट केलं आहे. कलम २३ खाली अंतरिम आदेश मागितला: मारहाणीपासून संरक्षण, घरात राहू देणं, नवऱ्याने घराबाहेर जाणं, मुलांसाठी रक्कम, एटीएम कार्ड आणि विडीचं कार्ड परत. कार्ड अडवून ठेवणं हा कायद्याच्या कलम ३ प्रमाणे आर्थिक छळ आहे.

आणि तो ‘घरकाम’ शब्द. कलम १८ मध्ये बाईच्या कामाच्या ठिकाणी जाण्यास गैरअर्जदाराला मनाई करता येते. लिहिणाऱ्यांच्या डोळ्यासमोर बहुधा ऑफिस किंवा कारखाना असावा. आमच्या वकिलांनी निधीचा उतारा आणि विडीच्या कार्डाची प्रत जोडून लिहिलं की अर्जदाराचं कामाचं ठिकाण हे घरच आहे, तेव्हा तिच्या कामात, मालात आणि अवजारात अडथळा आणू नये असा आदेश व्हावा. युक्तिवाद नवा होता. टिकेल की नाही, खात्री नव्हती.

प्रांत कार्यालयातल्या न्यायाधिकरणात ज्येष्ठांच्या कायद्याच्या कलम १७ मुळे वकील उभा करता येत नव्हता. पद्माने स्वतःचं म्हणणं लेखी दिलं, सोबत वनिता निकालाची प्रत. पुढच्या तारखेला नरसव्वा स्वतः हजर राहिली आणि अर्ज माझ्या इच्छेने केलेला नाही, तो मला चालवायचा नाही, असं सांगून मोकळी झाली. अर्ज निकाली निघाला.

न्यायालयात मधल्या एका तारखेला दोघांना समुपदेशनाला पाठवण्याची सूचना आली. कायद्याच्या कलम १४ मध्ये तशी तरतूद आहे. पद्माने नको म्हटलं नाही, पण दोघांना एकत्र बसवू नये अशी लेखी विनंती केली आणि ती मान्य झाली. एकत्र बसवलं की बाई घाबरून ‘हो’ म्हणते आणि तो होकार पुढे तिच्याच विरोधात वाचला जातो.

निष्पत्ती

अंतरिम आदेशाने पद्माला घरात राहण्याचा हक्क आणि संरक्षण मिळालं. मुलांसाठी दरमहा ४,००० रुपये ठरले. विडीच्या कामात अडथळा आणू नये, हे वाक्य आदेशात आलं. पण नवऱ्याला घराबाहेर काढण्याची मागणी पुराव्यानंतर बघू म्हणून बाजूला ठेवली गेली. पद्मा परत गेली ती त्याच छपराखाली.

दोनेक महिन्यांनी एका रात्री त्याने तिला हात लावला नाही. दिवसभर वळलेल्या विड्यांची टोपली उचलून मोरीत उपडी केली. दुसऱ्या दिवशी ठाण्यात पहिला प्रश्न होता, मारहाण कुठे झाली? पद्माने आदेशाची प्रत पुढे केली आणि त्या वाक्यावर बोट ठेवलं. आदेशाचा भंग हा कलम ३१ नुसार स्वतंत्र, दखलपात्र गुन्हा आहे. एक वर्षापर्यंत कैद किंवा २०,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. या वेळी गुन्हा नोंदला गेला. भिजलेल्या विड्यांचा पंचनामाही झाला.

त्यानंतर निवासाच्या आदेशासाठी दुसरा अर्ज केला. नरसव्वाने आपल्या वकिलामार्फत म्हणणं दिलं की मुलगा घरात नको, सून आणि नातवंडं राहोत. कलम १९ खाली नवऱ्याला घर सोडण्याचा आदेश झाला. याच कलमात एक अट आहे, बाईला असं घराबाहेर काढता येत नाही. नरसव्वा विरोधात उभी असती तर या अटीमुळे पेच झाला असता. ही अट असावीच, असं मला वाटतं. म्हातारी बाई रस्त्यावर आणून तरुण बाईला न्याय देता येत नाही.

तो भिवंडीला मागावर गेला. रकमेचे दोन हप्ते भरले, मग थांबवले. वसुलीचा अर्ज पडून आहे. मूळ अर्ज साठ दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा असं कायदा म्हणतो. तो मुक्काम केव्हाच मागे पडला.

पद्माने बँकेत नवीन खातं काढलं. निधीच्या नामनिर्देशनातून नवऱ्याला वगळून मुलांची नावं घातली. निधीच्या योजनेत विवाहित बाईला लेखी कळवून नवऱ्याला ‘कुटुंबा’तून वगळण्याची सोय आहे. ती सोय विडी कामगार बायकांना जवळजवळ कुणी सांगत नाही.

दोघी एकाच घरात राहतात, चुली वेगळ्या आहेत. माया उफाळून आली वगैरे काही नाही. नरसव्वाचं सुनेबद्दलचं जुनं गाऱ्हाणं अजून तसंच आहे आणि ते ती बोलून दाखवते.

वेगळं काय करता आलं असतं

पहिल्या तक्रारीच्या वेळीच दवाखान्याचा कागद आणि संरक्षण अधिकाऱ्याकडे नोंद झाली असती तर मधले आठवडे वाचले असते. स्टॅम्प पेपरवरचं लेखी पुढे न्यायालयात पुरावा म्हणून कामी आलं, हे खरं. पण त्याची किंमत पद्माच्या कानाने मोजली.

न्यायाधिकरणांनी एक साधी गोष्ट करावी: सुनेला बाहेर काढण्याची मागणी असेल तर अर्जदार ज्येष्ठ बाईशी मुलाच्या अनुपस्थितीत, तिच्या भाषेत आधी बोलावं. इथे ते पहिल्याच दिवशी झालं असतं तर नोटीसच निघाली नसती.

नवऱ्याला बाहेर काढण्याचा आदेश अंतरिम टप्प्यावर नाकारला गेला, तिथे आम्ही सत्र न्यायालयात अपील करायला हवं होतं का, यावर आता पुन्हा विचार करतो आहोत. कलम २९ मध्ये तीस दिवसांची मुदत असते. पद्मा म्हणाली, आधी घरात तर जाऊ दे. तिचं ऐकलं, आणि तिचं ऐकणंच बरोबर होतं असं मला आजही वाटतं. पण तिला दोन्ही बाजूंचा धोका आकड्यांत, दिवसांत मांडून दाखवण्याची पद्धत गटात आता बसवली आहे.

एक प्रश्न उरला आहे आणि तो कोणत्याच आदेशात नाही. पद्माचा हक्क राहण्याचा आहे, मालकीचा नाही. नरसव्वा मृत्युपत्र न करता गेली तर हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या कलम १५ प्रमाणे घर तिच्या मुलामुलींकडे जाईल, म्हणजे त्याच मुलाकडेही. सुनेचं नाव त्या यादीत नाही. नरसव्वाने परवा आपल्या वकिलांना विचारलं की घर नातीच्या नावावर लिहून ठेवता येईल का. घरकुल संस्थेच्या अटी त्या तपासत आहेत. नरसव्वाला एक मुलगीही आहे आणि तिचं म्हणणं अजून कुणी विचारलेलं नाही. आम्ही त्या चर्चेत नाही, पद्मालाही तसं सांगितलं आहे.